सासऱ्यांच्या उंचीचा उजेड

सासऱ्यांनी दुकानाची पाटी आधीच रंगवून घेतली, तिथून सगळी पंचाईत सुरू झाली.

दुकान दिव्यांचं. बल्ब, ट्यूब, झुंबरं, न्हाणीघरातल्या आरशावरचे दिवे, झालंच तर पंखे. चाळीस वर्षं एकाच वळणावर उभं असलेलं, आणि शटर उघडताना असा काही आवाज करणारं, की गल्लीत कुणाला गजराचं घड्याळ घ्यावं लागत नसे. सासऱ्यांना एकुलती एक मुलगी, आणि तिनं लग्न केलं ते काजव्याशी. त्याचं खरं नाव फक्त घरच्यांना आणि बँकेला ठाऊक. धंद्यात त्याला सगळे काजवाच म्हणत, कारण अंधाऱ्या नाट्यगृहांतून तोंडात छोटी बॅटरी धरून इकडून तिकडे फिरण्यात त्याची वीस वर्षं गेली होती. तो प्रकाशयोजना करायचा. नाटकं, कंपन्यांचे समारंभ, गाण्यांचे कार्यक्रम, आणि गेली काही वर्षं प्रवासी जहाजांवरची नाट्यगृहं.

त्याच्या कार्डावर नावाखाली 'रंगमंच सल्लागार' असंही छापलेलं होतं. सल्लागार म्हणजे ज्याला लोक मुद्दाम बोलावतात, मान डोलावत ऐकून घेतात आणि मग आपल्या मनाला येईल ते करतात. 'खांब मधोमध घेऊ नका' असा काजव्यानं चाळीस पानी अहवाल पाठवावा, आणि उलट टपाली मधोमध उभ्या केलेल्या खांबाचा फोटो यावा, असं बऱ्याचदा झालं होतं.

सासऱ्यांनी ते कार्ड चष्मा कपाळावर सरकवून वाचलं होतं. "आमच्याकडे सल्ला फुकट असतो," ते म्हणाले होते. "बल्ब घेतला तर."

तर पाटी. गेलं वर्ष काजव्याला वाईट गेलं. एका कंपनीच्या समारंभात अध्यक्षांचा चेहरा पाऊण तास हिरवागार दिसला. चूक त्याची नव्हती, अध्यक्षांनी ऐन वेळी खुर्ची हलवली होती. पण हिरव्या अध्यक्षांचे फोटो गावभर झाले आणि कामं आटली. मग एका रविवारी सासऱ्यांनी लेकीला आणि जावयाला दुकानासमोर नेऊन उभं केलं. पाटीवर दुकानाच्या नावाखाली लाल अक्षरांत नवीन ओळ होती: 'आणि जावई'. रंग ओला होता.

सासऱ्यांनी प्रेमानंच केलं होतं, हे काजव्याला कळत होतं, आणि म्हणूनच नाही म्हणायला तोंड उघडेना. अंधारात बसलेल्या हजार माणसांसमोर एका चेहऱ्यावर बरोबर वेळेला बरोबर उजेड पडतो, तेव्हा त्याच्या अंगावर अजून काटा येई. आणि आता उरलेला जन्म 'हा पिवळा देऊ की पांढरा?' विचारण्यात जाणार.

बायकोनं मध्यस्थी केली. काजव्याच्या हातात एकच काम होतं: डागडुजीला आलेल्या एका जहाजाचं नाट्यगृह. ते जहाज-कंपनीच्या मॅडमना पसंत पडलं, तर त्याच घडणीची आणखी तीन जहाजं मिळणार होती. "मिळाली तर पाटी पुसायची," बायकोनं निवाडा दिला. "नाही मिळाली तर एक तारखेपासून काउंटर. आणि बाबा, तुम्ही ह्याच्याबरोबर जा. हा नक्की करतो काय, ते एकदा डोळ्यांनी बघा."

काजव्याचा सहायक आदल्याच आठवड्यात नोकरी सोडून गेला होता. त्याच्या नावाचा पास रिकामा होता. अशा रीतीनं, वयाच्या एकाहत्तराव्या वर्षी, सासरे सहायक झाले.

*

गोदीत शिरताना दोघांना हेल्मेटं आणि नारिंगी जाकिटं मिळाली. सासरे उंचीनं पाच फुटांना जेमतेम टेकलेले, त्यात डोक्यावर टक्कल. हेल्मेट त्यांच्या भुवयांवर येऊन बसलं. जहाज मात्र बघत राहावं असं होतं. आत सगळीकडे रंगाचा आणि गोंदाचा वास, दर दहा पावलांवर कुणीतरी ओणवं होऊन काहीतरी ठोकतंय. नाट्यगृह पाचव्या आणि सहाव्या मजल्यावर मिळून होतं. सातशे खुर्च्या प्लॅस्टिकमध्ये गुंडाळलेल्या, आणि स्टेजच्या कडेला नव्या कार्पेटच्या गुंडाळ्या एकावर एक रचलेल्या, जवळजवळ कमरेइतक्या उंच.

सासऱ्यांनी आल्या आल्या पहिलं काम काय केलं, तर पडद्यामागचा एक मोठा दिवा उगाच जळतोय असं बघून तो बंद केला. चाळीस वर्षांची सवय. वरून, तीस फुटांवरच्या लोखंडी पुलावरून, अस्सल शिवी आली.

"वर माणूस आहे, आजोबा!"

तो वायरमन होता. सबंध आयुष्य रंगमंचाच्या वरच्या अंधारात काढल्यामुळे त्याला वटवाघूळ म्हणत. खाली तो फक्त जेवायला उतरे. बोलणं कमी, आणि विचारल्याशिवाय काही सांगायचं नाही, हा त्याचा बाणा.

काम असं होतं. हल्लीचे बरेच दिवे स्वतःच मान वळवतात; कन्सोलवर, म्हणजे दिवे चालवायच्या बटणांच्या टेबलावर, बोट फिरवलं की झालं. पण इथे तसे आठच दिवे होते, तेही स्टेजच्या मागच्या बाजूला, आणि मागून कितीही उजेड टाकला तरी माणसाचा चेहरा दिसत नाही. चेहऱ्यासाठी समोर चाळीस जुने दिवे होते, ठाम मानेचे. ते वर जाऊन हातानं फिरवायचे, जागा साधली की स्क्रू आवळायचा, आणि मग ते तिथून हलत नाहीत. अठरा दिवे कार्यक्रमाच्या पहिल्या भागाचे, बावीस दुसऱ्या भागाचे. गायक आणि नर्तक अजून यायचे होते, म्हणून त्यांच्या जागी कुणीतरी स्टेजवर आखलेल्या खुणेवर उभं राहायचं. दिव्याचा सगळ्यात प्रखर भाग डोळ्यांवर आला की सांगायचं, 'आलं.' एरवी हे काजवा स्वतःच करी, पण कन्सोल चालवणारा जहाजावरचा माणूस पुढच्या आठवड्यात येणार होता. तेव्हा काजवा सभागृहात, काचेच्या आडोशामागच्या कन्सोलपाशी, वटवाघूळ वर आणि सासरे खुणेवर.

"म्हणजे मी नुसतं उभं राहायचं?" सासऱ्यांनी विचारलं.

"उभं राहायचं आणि खरं सांगायचं."

"एवढंच? ह्यासाठी तुम्हाला बोलावतात?"

सकाळचे अठरा दिवे सासऱ्यांनी कवायतीला उभं राहावं तसे ताठ राहून काढले. मान तसूभरही हलवली नाही. उंचीचा हिशोब काजव्यानं आधीच केला होता: सासऱ्यांच्या डोक्यावर हेल्मेट, हेल्मेटवर एक वीत, तिथे उजेडाची वरची कड. म्हणजे चांगला उंच माणूसही उजेडात. प्रत्येक दिव्यामागे सासऱ्यांची टीका मात्र चालू होती. हा कितीचा? ह्याला वॉरंटी आहे का? एवढा तापतो, तर वीज किती खात असेल? वटवाघूळ वरून एका शब्दानंही उत्तर देत नव्हतं.

दुपारी चमत्कार झाला. जेवणानंतर सासरे एकदम गोड झाले. कुरकुर नाही, वॉरंटी नाही. काजव्यानं "आलं?" विचारलं की अंधारातून समाधानी आवाज येई, "आलं हो, आलं." पुढच्या खुणेवर म्हटलं की चटकन पुढची खूण. मध्ये एकदा तर ते काहीतरी गुणगुणत होते. काजव्याला कन्सोलच्या पडद्यावर आकडे भरायचे होते. मान वर केली की कार्पेटच्या गुंडाळ्यांच्या वर ते हेल्मेट तेवढं दिसे, त्याच्यावर एक वीत उजेड, पुढचा दिवा. सहा वाजेपर्यंत बावीसच्या बावीस स्क्रू आवळून झाले. माणूस रुळतो हळूहळू, काजव्याला वाटलं. चहा पिताना त्यानं सासऱ्यांना स्वतःचं बिस्किटही दिलं.

*

तिसऱ्या दिवशी सकाळी नऊला जहाज दोर सोडून निघालं. डागडुजीनंतरची पहिली फेरी, प्रवासी नाहीत, फक्त कर्मचारी आणि कंपनीनं बोलावलेले तीनेकशे निवृत्त पाहुणे, नवं जहाज चाखून बघायला. संध्याकाळी पाचला कार्यक्रम. मॅडम तिसऱ्या रांगेत बसणार.

अकराला तालीम सुरू झाली. कार्पेट एव्हाना अंथरलेलं होतं. पहिला भाग लोण्यासारखा झाला. मग दुसरा भाग, नुसता गाण्यांचा. मुख्य गायिका, जिला सगळे बाईसाहेब म्हणत, आणि तिच्याबरोबर सातजण. बाईसाहेब सहा फुटाला दोन बोटं कमी, वर केसांचा डोंगर. ती पहिल्या खुणेवर आली, काजव्यानं दिवा वर घेतला, आणि तिच्या पोटावर झळझळीत उजेड पडला. पट्ट्याचं बकल तर असं चमकलं, की मागच्या रांगेतही डोळे दिपले असते. चेहरा मात्र काळाकुट्ट.

"दुसरी खूण घ्या," काजवा म्हणाला.

दुसऱ्या खुणेवर पोट. तिसऱ्या खुणेवर पोट. सातही गायकांची पोटं. बावीस खुणा, बावीस पोटं.

"हे काय गाणं पोटातून म्हणायचंय?" बाईसाहेबांनी विचारलं.

काजवा धावत स्टेजवर गेला आणि पहिल्या खुणेवर स्वतः उभा राहिला. उजेड त्याच्या छातीखाली. तो वाकला. अजून वाकला. शेवटी खुर्चीत बसल्यासारखा झाला तेव्हा उजेड डोळ्यांत आला. तसाच, अधांतरी बसलेल्या अवस्थेत, त्यानं हळूच मान वळवून विंगेत बघितलं.

विंगेत सासरे केबल ठेवायच्या, चाकं लावलेल्या पेटीवर आरामात बसले होते.

"बाबा," काजवा म्हणाला, "परवा दुपारी तुम्ही उभे होतात ना?"

"बसलो होतो," सासरे शांतपणे म्हणाले. "ह्याच पेटीवर. गुडघे दुखायला लागले होते. चाकं आहेत, पायानं ढकललं की पुढच्या खुणेवर. ब्रेकही आहे बघा ह्याला. चांगला माल आहे."

"बाबा, मी प्रत्येक वेळी विचारत होतो!"

"तुम्ही विचारत होतात, 'आलं का?' डोळ्यांत आलं होतं, मी आलं म्हणालो. एकदा तरी खोटं बोललो का? उभे आहात का, असं कुठं विचारलंत?"

काजव्यानं वर बघितलं. "आणि तू? तुला वरून दिसलं नाही?"

वरच्या अंधारातून वटवाघूळ म्हणालं, "दिसलं की. मला वाटलं, बसायचं गाणं आहे."

*

बावीस दिवे फिरवायला चार तास पुरले असते. काजव्यानं वटवाघळाला "घे पाना" म्हटलंही. पण तेवढ्यात सुरक्षा अधिकारी दारात उभा राहिला, आणि त्याच्या चेहऱ्यावरूनच कळलं, की हा माणूस कधी कुणाला हो म्हणालेला नाही.

"दोर सुटले की स्टेजच्या वर कुणी चढायचं नाही," तो म्हणाला. "जहाज चालू असताना तीस फुटांवर माणूस? पुलाला कुलूप लावायचंय. तो वरचाही खाली आला पाहिजे."

वटवाघूळ खाली उतरलं. उजेडात ते बरंच तरुण निघालं.

काजवा पहिल्या रांगेत जाऊन बसला. त्याच्या डोळ्यांसमोर लाल अक्षरं नाचायला लागली. आणि जावई. एक तारखेला अजून नऊ दिवस होते. त्यानं सगळे उपाय मनात उलटेसुलटे करून बघितले. बुटके गायक आणावेत, तर समुद्रात कुठून आणणार? बाईसाहेबांना गुडघ्यात वाकवावं, तर ती त्यालाच वाकवेल. आणि सातशे खुर्च्यांच्या नाट्यगृहात पोटांना प्रकाश देणारा माणूस म्हणून आपलं नाव हिरव्या अध्यक्षांच्या वरताण होईल, हे तर ठरलेलंच.

सासरे येऊन शेजारी बसले. मग म्हणाले, "दुकानात गिऱ्हाईक येतं, झुंबर घेऊन जातं. घरी गेल्यावर कळतं, की छत ठेंगणं आहे. आता छत तर वर सरकवता येत नाही. मग मी काय सांगतो?"

"काय?"

"खाली टेबल ठेवा. मग कुणी झुंबराखाली उभं राहत नाही." त्यांनी विंगेकडे बोट दाखवलं. "तसल्या पेट्या किती आहेत?"

वटवाघूळ न विचारता बोललं, म्हणजे प्रसंग गंभीरच होता. "नऊ. सगळ्या एकाच मापाच्या."

"पण बाबा, तुम्ही पाच फूट, बाईसाहेब सहा फूट—"

"बसली की सगळी माणसं सारखीच होतात, जावईबापू. उंची सगळी पायात असते. तुम्हाला माहीत नव्हतं? वर तुमच्या हेल्मेटाचं मोजमाप आहेच."

काजव्यानं उठून मोजलं. सासऱ्यांचं म्हणणं दोन बोटांच्या आत खरं निघालं.

राहिल्या बाईसाहेब. बसून गायचं म्हटल्याबरोबर तिनं पाठ फिरवली. आपण काय दवाखान्यात नंबर लावून बसलोय का, असं तिनं विचारलं. वीस वर्षांत आपण कधी बसून गायलेलो नाही. काजवा काहीतरी रंगमंचीय आणि सल्लागारी बोलायला गेला, तर तिनं त्याच्याकडे असं बघितलं, की त्याचं वाक्य अर्ध्यावरच संपलं.

मग सासरे पुढे झाले. हेल्मेट काढून हातात घेतलं.

"बाई, मी चाळीस वर्षं दिवे विकतोय," ते म्हणाले. "लोक येतात, दिव्याकडे बघतात, जातात. माझ्याकडे कुणी कधी बघितलं नाही, आणि त्याचं मला काही वाटलंही नाही. पण परवा ह्या पेटीवर बसलो, आणि ह्या माझ्या जावयानं एकेक दिवा माझ्यावर आणला, बावीस वेळा. दर वेळी विचारायचा, आलं का? समोरच्या काचेत मी स्वतःला बघत होतो. खरं सांगतो, इतका देखणा मी उभ्या आयुष्यात दिसलो नाही."

बाईसाहेबांनी त्यांच्या टकलाकडे बघितलं, मग पेटीकडे. ती पेटीवर बसली. काजव्यानं पळत जाऊन दिवा वर घेतला. कन्सोलसमोरच्या काचेत तिनं स्वतःला बघितलं, हनुवटी डावीकडे केली, उजवीकडे केली.

"ह्या पेटीवर काळं मखमल घाला," ती म्हणाली. "आणि माझी पेटी सगळ्यांत पुढे."

काजवा मात्र कन्सोलपाशी नुसताच उभा होता. सासरे त्याच्या कामाबद्दल दोन वाक्यं सलग, एकही टोमणा न मारता बोलले होते, आणि हे लग्नाला अकरा वर्षं झाल्यावर पहिल्यांदाच घडत होतं. त्याला एकदम भरून आलं. त्यानं बॅटरी तोंडात धरली, म्हणजे कुणाशी बोलावं लागू नये.

*

पाच वाजता समुद्रानं आपला खेळ सुरू केला. वारा सुटला आणि जहाज हळूहळू डुलायला लागलं. तीनशे पाहुणे, बहुतेक सत्तरीच्या आसपासचे, खुर्च्यांचे हात धरून बसले. मॅडम तिसऱ्या रांगेत, मांडीवर वही.

पहिल्या भागात उजेड निर्दोष होता, आणि त्याचा काही उपयोग नव्हता. नर्तक उंच टाचांचे बूट घालून एका रांगेत उभे राहत आणि जहाज कललं की रांगच्या रांग डावीकडे चार पावलं जाई, उजेडातून अंधारात. एकजण पुठ्ठ्याच्या राजवाड्याला मिठी मारून उभा राहिला तो शेवटपर्यंत सुटला नाही. मॅडम वहीत भराभरा लिहीत होत्या. पहिला भाग संपल्यावर काजव्यानं त्यांच्या मागून जात वाचायचा प्रयत्न केला, पण अक्षर डॉक्टरांच्या वरताण होतं.

दुसऱ्या भागाचा पडदा उघडला, तर आठजण बसलेले. ब्रेक लावलेले. कुणी डुलेना, कुणी धडपडेना. दिवे एकेक करून वर आले, आणि बरोबर चेहऱ्यांवर पडले. सभागृह शांत झालं. आजूबाजूला सगळं हलतंय आणि समोर आठ माणसं निवांत बसून गातायत, हे बघून पाहुण्यांच्याही हातांतून खुर्च्या सुटल्या.

तिसऱ्या गाण्यात बाईसाहेबांच्या पेटीचा ब्रेक सुटला.

काजव्यानं ते तिच्या आधी बघितलं. जहाज उजवीकडे कललं आणि ती, गाताना डोळे मिटलेली, अकराव्या खुणेवरून अलगद निघाली. अकरावा दिवा तिथेच राहिला, रिकाम्या जमिनीवर. विंगेतून वटवाघळानं दोन्ही हात डोक्यावर ठेवले. कन्सोलमध्ये भरून ठेवलेला क्रम आता कामाचा नव्हता. काजव्यानं तो थांबवला आणि दोन्ही हातांनी, बोटांनी, जुन्या पद्धतीनं दिवे घेतले. अकरावा खाली सोडताना बारावा वर. ती बाराव्यातून गेली. तेरावा वर, बारावा खाली. ती सरकतेय त्याच चालीनं, ना आधी ना नंतर. चौदाव्या खुणेपाशी विंगेतून एक छोटा पाय बाहेर आला आणि पेटी थांबली. चौदावा दिवा पूर्ण वर होता. बाईसाहेबांनी डोळे उघडले, आपण स्टेजच्या दुसऱ्या टोकाला आहोत हे तिच्या लक्षात आलं, आणि खरी कलावंत असल्यामुळे तिनं तो सूर तिथेच लांबवला.

टाळ्या थांबेनात. पाहुण्यांना वाटलं, हे असंच बसवलंय. विंगेत सासरे आपला पाय चोळत उभे होते, पण ते स्टेजकडे बघत नव्हते. ते लांब अंधारात, कन्सोलवरच्या जावयाच्या हातांकडे बघत होते.

*

मॅडम कार्यक्रम संपल्यावर सरळ कन्सोलपाशी आल्या.

"पहिल्या भागाबद्दल मी चार पानं लिहिली आहेत," त्या म्हणाल्या. "दुसरा भाग बसून करायची कल्पना कुणाची?"

काजव्याच्या मनात एक भारदस्त वाक्य तयार झालं होतं, समुद्र आणि स्थैर्य असे दोन शब्द असलेलं. पण शेजारी सासरे येऊन उभे राहिले होते, आणि त्यांच्यासमोर ते वाक्य ओठांवर येईना. "मॅडम, त्याचं असं झालं," त्यानं सुरुवात केली. "खरं म्हणजे ती चूक—"

"माझे गुडघे दुखत होते," सासरे म्हणाले.

मॅडम त्यांच्याकडे बघत राहिल्या. काजव्यानं डोळे मिटून घेतले.

"गुडघे," मॅडम सावकाश म्हणाल्या. "बरोबर. आमच्या प्रवाशांचेही दुखतात. सत्तरीची माणसं ती. तीस जणांना तासभर नाचताना बघून त्यांनाच धाप लागते. बारा वर्षं मी सल्लागारांचे अहवाल वाचतेय, पण गुडघ्यांचा विचार कुणी केला नाही." त्यांनी वही उघडली. "उरलेल्या तिन्ही जहाजांवर दुसरा भाग असाच हवा. त्या सरकत्या पेटीसकट. हे तुमचे कोण?"

"सासरे."

"ते नाही. कामात कोण?"

काजव्यानं सासऱ्यांकडे बघितलं. हेल्मेट काढल्यामुळे टक्कल चमकत होतं.

"सल्लागार," तो म्हणाला.

"त्यांनाही तिन्ही जहाजांवर आणा," मॅडम म्हणाल्या आणि गेल्या.

दोघं डेकवर आले. वारा पडला होता. काजव्याला हसावं की रडावं कळत नव्हतं, म्हणून तो थोडं थोडं दोन्ही करत होता. सासऱ्यांनी कठड्याला टेकून खिशातून फोन काढला, चष्मा कपाळावर सरकवला आणि पेंटरला फोन लावला.

"हां, मीच बोलतोय. पाटीवरची खालची ओळ पुसायची. हो, 'आणि जावई' तेवढं पुसा." ते थांबून ऐकत राहिले. "नाही हो, भांडण कसलं? जावयाला वेळ नाही."

पलीकडून पेंटर काहीतरी विचारत होता. सासऱ्यांनी एकदा समुद्राकडे बघितलं, एकदा काजव्याकडे.

"मोकळ्या जागेत? तिथे असं लिहा," ते म्हणाले. "'मालक जावयाबरोबर कामाला गेले आहेत.'"